फेट्याआडचा माणूस : अमेरिकन टीव्हीवरचा 'भारतीय' कोर्ला पंडित खरा कोण होता?

जुन्या अमेरिकन टीव्हीची एक काळीपांढरी चित्रफीत अधूनमधून फिरत असते. माझ्याकडे ती आली तेव्हा सोबत निरोप होता : 'बघा, १९५० च्या आसपास आपला माणूस अमेरिकेच्या टीव्हीवर!' पडद्यावर एक देखणा तरुण. डोक्यावर घट्ट बांधलेला पांढरा फेटा, आणि फेट्याच्या मधोमध, बरोबर कपाळाच्या वर, एक चमकता खडा. मोठाले डोळे थेट आपल्याकडे लागलेले. कॅमेरा जरा मागे सरकतो आणि कळतं, हा गृहस्थ दोन वाद्यं एकाच वेळी वाजवतोय. एक हात पियानोवर, दुसरा ऑर्गनवर. हातांकडे मात्र त्याचं लक्षच नाही. वादन संपतं, तो मंद हसतो, आणि एक अक्षरही न बोलता कार्यक्रम संपतो.

नाव कोर्ला पंडित. मराठी माणूस इथेच थबकतो. पंडित हे आपल्या ओळखीचं आडनाव, पण 'कोर्ला' हे कुठलं नाव? आपल्याला फार तर रेवदंड्याजवळचा कोर्लई किल्ला आठवेल. त्या काळच्या अमेरिकन प्रेक्षकाला असा प्रश्न पडला नाही. त्याला सांगितलं गेलं होतं की हा नवी दिल्लीत जन्मलेला, ब्राह्मण वडिलांचा आणि फ्रेंच ऑपेरा गायिका असलेल्या आईचा मुलगा आहे. प्रेक्षकाने ते मानलं, आणि पुढची पन्नास वर्षं मानत राहिला.

कोर्ला पंडित भारतीय नव्हता. तो अमेरिकेतला कृष्णवर्णीय होता. एवढं एकदा वाचून बहुतेक जण हसून पुढे जातात, 'काय एकेक सोंगं करतात लोक!' म्हणतात. मला ही गोष्ट हसण्यावारी नेण्याची वाटत नाही. ती समजून घ्यायची तर अमेरिकेतला वर्णभेद नेमका चालायचा कसा, आणि त्यात भारत नावाची एक पळवाट कशी तयार झाली, हे आधी बघावं लागेल.

मिसुरीचा जॉन रेड

त्याचं खरं नाव जॉन रोलंड रेड. जन्म १९२१ चा, मिसुरी राज्यातल्या सेंट लुईसचा. वडील बाप्टिस्ट पंथाचे पाद्री. घरात प्रार्थना आणि संगीत दोन्ही भरपूर. जॉनही लहानपणापासून पियानोवर बसला, आणि त्याचा भाऊ अर्नेस्ट पुढे जाझ पियानोवादक झाला. एक तपशील आपल्याकडच्या वाचकाच्या चटकन लक्षात येईल. १९२१ मध्ये नवी दिल्ली हे शहर अजून बांधलं जात होतं. त्याचं रीतसर उद्घाटन झालं १९३१ मध्ये. म्हणजे ज्या गावात जन्मल्याचं तो सांगत होता, ते त्याच्या जन्माच्या वेळी पुरतं उभंही राहिलं नव्हतं.

ज्या मिसुरीत तो वाढला तिथे गोऱ्या आणि कृष्णवर्णीय मुलांच्या शाळा कायद्याने वेगळ्या होत्या. हे फक्त रीतीभातीचं प्रकरण नव्हतं, राज्याच्या घटनेतच तसं लिहिलेलं होतं. असा मुलगा कितीही उत्तम वाजवत असला तरी कुठे वाजवणार, कुणापुढे वाजवणार आणि किती पैशांत वाजवणार, हे आधीच ठरलेलं असे.

तरुणपणी तो लॉस एंजेलिसला गेला. तिथे हॉलिवूड होतं, रेडिओ होता, स्टुडिओंतली कामं होती. पण वादकांच्या युनियनच्या तिथे दोन शाखा होत्या : ४७ क्रमांकाची गोऱ्यांची आणि ७६७ क्रमांकाची कृष्णवर्णीयांची. रेडिओ आणि स्टुडिओतलं बऱ्या पैशांचं काम ४७ च्या सभासदांकडे जाई. या दोन शाखा एक झाल्या त्या थेट १९५३ मध्ये. जॉन रेडने त्याआधीच आपल्यापुरता मार्ग काढला. त्याने 'हुआन रोलांडो' हे नाव घेतलं. हुआन म्हणजे जॉनचंच स्पॅनिश रूप. वर्ण थोडा उजळ, केस सरळ केलेले, नाव मेक्सिकन. ४७ क्रमांकाचं दार उघडलं.

'पासिंग' म्हणजे काय?

याला अमेरिकेत 'पासिंग' म्हणतात. ज्या गटात तुम्हाला जन्माने टाकलंय त्यातून गुपचूप निघून दुसऱ्या गटातला माणूस म्हणून जगणं. मराठीत याला फार नेमका शब्द आहे : जात चोरणं.

आपल्याकडे शहरात भाड्याने खोली शोधायला गेलेल्या मुलाला घरमालक चहा देतो, नोकरी विचारतो, गाव विचारतो, आणि मग अगदी सहज, 'पूर्ण नाव काय म्हणालात?' असं विचारतो. हा प्रश्न कशासाठी आहे हे दोघांनाही ठाऊक असतं. त्या क्षणी कुणी आडनावाऐवजी गावाचं नाव सांगतो, कुणी वडिलांच्या नावावर थांबतो. अशी वेळ ज्याच्यावर आली आहे त्याला जॉन रेड समजावून सांगावा लागत नाही. ही तुलना मी ओढूनताणून आणलेली नाही. १८७३ मध्ये महात्मा फुल्यांनी 'गुलामगिरी' अर्पण केली होती ती गुलामांना दास्यातून मुक्त करणाऱ्या अमेरिकेतल्या लोकांनाच. या दोन व्यवस्था शेजारी ठेवून बघायची सवय महाराष्ट्राला तेव्हापासूनची आहे.

आता अमेरिकेतला नियम. तिथे 'एका थेंबाचा नियम' चाले. पूर्वजांमध्ये एक जरी कृष्णवर्णीय असला तरी माणूस कृष्णवर्णीय. कातडीचा रंग कसाही असो. १९२४ मध्ये व्हर्जिनिया राज्याने याचा कायदाच केला. त्यामुळे एक चमत्कारिक परिस्थिती तयार झाली. लाखो माणसं दिसायला अशी होती की ती इटालियन, मेक्सिकन, अरब, भारतीय कुणीही वाटू शकत, पण कागदावर त्यांचा खाना ठरलेला. डोळ्यांना जे दिसत नाही ते कागदाने ठरवलं, की माणूस कागद बदलायचा प्रयत्न करणारच.

आणि यात पणाला काय होतं? फक्त नोकरी नव्हे. जॉनने १९४४ मध्ये डिस्ने स्टुडिओत चित्रकार असलेल्या बेरिल या गोऱ्या तरुणीशी लग्न केलं. त्या वेळी कॅलिफोर्नियात गोऱ्या आणि कृष्णवर्णीयांच्या विवाहाला कायद्याने बंदी होती. तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने ती उठवली १९४८ मध्ये, आणि देशभरातली बंदी गेली १९६७ मध्ये. म्हणजे खरं नाव सांगून त्याला त्या राज्यात आपल्या बायकोशी लग्नही लावता आलं नसतं.

पण भारतीयांना तरी तिथे कुठे मान होता?

ही शंका रास्त आहे. १९२३ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने भगतसिंग थिंड यांच्या खटल्यात निकाल दिला की भारतीय माणूस 'गोरा' या व्याख्येत बसत नाही, म्हणून त्याला नागरिकत्व मिळू शकत नाही. ज्यांना आधी मिळालं होतं त्यांचंही काढून घेतलं गेलं. सॅन फ्रान्सिस्कोतले व्यापारी वैष्णोदास बगाई यांचंही नागरिकत्व असंच गेलं, आणि १९२८ मध्ये त्यांनी आत्महत्या केली. भारतीयांना नागरिक होण्याचा हक्क मिळाला तो १९४६ च्या कायद्याने, आणि तोही कसा, तर भारतातून वर्षाला फक्त शंभर माणसं येऊ शकतील अशा अटीवर.

मग भारतीय होण्यात फायदा काय?

याचं उत्तर दोन भारतांमध्ये आहे. एक भारत शेतात राबणाऱ्या पंजाब्यांचा, बंदरावर उतरून फेरी करणाऱ्या बंगाल्यांचा. त्याला अमेरिकेत जागा नव्हती. दुसरा भारत गोष्टींतला : महाराजे, जादूगार, साप, रत्नं, ध्यान लावून बसलेले योगी. या भारतावर अमेरिकन माणूस लुब्ध होता. पहिल्या भारतातले लोक त्या देशात जेमतेम काही हजार, तेही ठरावीक भागांत. त्यामुळे बहुसंख्य अमेरिकनांनी खरा भारतीय शेजारी कधी बघितलाच नव्हता. गोष्टीतला भारत खोटा आहे हे त्यांना सांगणार कोण?

फेटा हा या दुसऱ्या भारताचा परवाना होता, अगदी शब्दशः. १९४७ मध्ये न्यू यॉर्कचे एक कृष्णवर्णीय पाद्री, जेसी रुटे, फेटा आणि झगा घालून अलाबामातल्या मोबील शहरात गेले. काही वर्षांपूर्वी त्याच शहरात त्यांना अपमान सोसावा लागला होता. या वेळी त्यांना उंची उपाहारगृहात मानाने बसवलं गेलं. तोच माणूस, तोच चेहरा. चार हात कापडाने कायदा गप्प झाला.

याच्या उलट बाजूने बघितलं तर अधिकच चटका बसतो. खरेखुरे बंगाली मुसलमान फेरीवाले आणि खलाशी न्यू यॉर्कच्या हार्लेममध्ये, न्यू ऑर्लिन्समध्ये, कृष्णवर्णीयांच्याच वस्त्यांत राहिले, तिथेच त्यांनी लग्नं केली, कारण राहू देणारे शेजारी तेवढेच होते. भारतातून आलेला माणूस कृष्णवर्णीय वस्तीत मिसळत होता, आणि त्या वस्तीतून निघालेला जॉन रेड टीव्हीवर भारतीय होत होता.

टीव्हीला असा माणूस का हवा होता?

इथे सुरुवातीच्या टीव्हीचं अर्थकारण येतं. 'अमेरिकन टीव्ही' म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे देशभर एकाच वेळी दिसणारे कार्यक्रम येतात. १९४९ मध्ये तसं नव्हतं. पूर्व किनाऱ्यावरून पश्चिम किनाऱ्यापर्यंत थेट प्रक्षेपण सुरू झालं सप्टेंबर १९५१ मध्ये. त्याआधी पश्चिम किनाऱ्यावरची केंद्रं आपापली. १९७२ मध्ये मुंबई दूरदर्शन सुरू झालं तेव्हा ते जसं मनोऱ्याच्या टप्प्यातल्या घरांपुरतं होतं, साधारण तसंच.

लॉस एंजेलिसच्या केटीएलए केंद्राला जानेवारी १९४७ मध्ये परवाना मिळाला. चालवणारा माणूस होता क्लाउस लँड्सबर्ग. हा जर्मन ज्यू अभियंता. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकच्या टीव्ही प्रक्षेपणात त्याने काम केलं होतं, आणि नंतर नाझींपासून जीव वाचवून अमेरिकेत आला होता. त्याच्यापुढे रोजचा प्रश्न एकच : तासन् तास मोकळे आहेत, पैसे नाहीत, भरायचे कशाने? संहिता लागत नाही, नेपथ्य लागत नाही, दहा नट लागत नाहीत असा पंधरा मिनिटांचा कार्यक्रम त्याला सोन्यासारखा होता.

जॉन तोवर कोर्ला झालेला होता. १९४८ मध्ये भारतात जादू शिकून आलेल्या एका नायकाच्या रेडिओ मालिकेला तो ऑर्गनचं संगीत देत होता. म्हणजे गोष्टीतला भारत आधी त्याच्या बोटांत आला, मग डोक्यावर चढला. लँड्सबर्गने त्याच्याशी सौदा केला : केंद्रावरच्या बाहुल्यांच्या लोकप्रिय कार्यक्रमाला तू साथ कर, बदल्यात तुला स्वतःचा कार्यक्रम. तो १९४९ मध्ये सुरू झाला. पुढे त्याचे नऊशेच्या आसपास प्रयोग झाले.

न बोलण्याची युक्ती कार्यक्रमाचा प्राण ठरली. त्या काळचा पडदा लहानसा, चित्र धूसर. अशा पडद्यावर पूर्ण स्टुडिओ दाखवला तर मुंगीएवढी माणसं दिसायची. एक चेहरा पडदाभर दाखवला की तो घरात येऊन बसायचा. दिवसभर घरात एकट्या असलेल्या कितीतरी बायकांना वाटे की हा फक्त आपल्याकडे बघतोय. तोंड उघडलं नाही म्हणजे मिसुरीचा हेल उघडा पडायचा प्रश्न नाही, आणि गूढपणा आपोआप वाढतो. भीतीतून शोधलेली युक्ती टीव्हीच्या तंत्राला इतकी चपखल बसावी, याचं मला राहून राहून नवल वाटतं.

पुढची पायरी होती 'सिंडिकेशन' : कार्यक्रम फिल्मवर चित्रित करायचा आणि त्याच्या प्रती वेगवेगळ्या शहरांतल्या केंद्रांना विकायच्या. आपल्याकडे तंबू थिएटरची रिळांची पेटी एका जत्रेतून दुसऱ्या जत्रेत जाई, तसंच. १९५१ च्या सुमारास लुई स्नेडर या निर्मात्यासाठी कोर्लाने अशा बऱ्याच फिल्मा केल्या. आज आपण त्याला बघू शकतो ते बहुतांशी त्यांच्यामुळे. थेट प्रक्षेपण हवेत विरून जाई, फिल्म उरली. पण स्नेडरशी त्याचं करारावरून बिनसलं आणि तो बाहेर पडला. थोड्याच काळात त्याच शहरातून लिबराची नावाचा पियानोवादक पुढे आला. तोही कॅमेऱ्यात रोखून बघत हसायचा, आणि टीव्हीने त्याला गडगंज श्रीमंत केलं. कोर्लाच्या वाट्याला ते आलं नाही.

तो वाजवायचा ते भारतीय संगीत होतं का?

नाही. राग नाही, ताल नाही, तानपुरा नाही. त्याच्या आवडीच्या रचनांपैकी एक होती 'साँग ऑफ इंडिया'. ती रिम्स्की-कोर्साकोव या रशियन संगीतकाराच्या ऑपेऱ्यातली. दुसरी 'मिसिरलू', भूमध्य समुद्राच्या पूर्व किनाऱ्यावरची धून. अशा 'दूरदेशी' वाटणाऱ्या संगीताला अमेरिकेत पुढे 'एक्झॉटिका' म्हणू लागले, आणि कोर्ला त्याचा एक आद्य वादक मानला जातो.

मात्र तो वादक म्हणून कच्चा होता असं कुणी समजू नये. त्याचा हॅमंड ऑर्गन कसा चालतो ते पाहिलं की त्याचं कसब कळतं. संगीत नाटकात रंगमंचासमोर बसून वाजवला जाणारा ऑर्गन आपल्याला माहीत आहे : पायाने भाता मारायचा, हवा पत्त्यांतून जाते, सूर निघतो. हॅमंडमध्ये हवाच नाही. आत विजेच्या मोटरवर ९१ दातेरी धातूची चाकं फिरत असतात, प्रत्येकाजवळ एक चुंबक. चाकाचे दाते चुंबकापुढून जातात तसा विजेचा प्रवाह हेलकावे खातो, आणि तो हेलकावा ध्वनिवर्धकातून सूर म्हणून बाहेर पडतो. पट्टी दाबली की सूर तत्काळ हजर, सोडली की तत्काळ बंद. पियानोचा सूर याच्या उलट : आघात होतो आणि हळूहळू विरत जातो. एक हात विरणाऱ्या सुरावर आणि दुसरा न विरणाऱ्या सुरावर ठेवून, पायाने खालचे खर्ज सांभाळत, दोन्हींचं वजन सारखं राखणं हे मोठ्या तयारीचं काम आहे. शिवाय तो ऑर्गनच्या पट्ट्यांवर अशी थाप मारी की ढोल वाजल्यासारखं वाटे.

अस्सल हिंदुस्थानी संगीत अमेरिकन टीव्हीवर पोचलं १९५५ मध्ये, उस्ताद अली अकबर खाँ सरोद घेऊन गेले तेव्हा. त्याआधीच 'भारताचं संगीत' म्हणून लॉस एंजेलिसच्या घराघरांत कोर्लाचा ऑर्गन वाजला होता.

कुणालाच कसं कळलं नाही?

काही जणांना पहिल्यापासून कळत होतं. त्याच्या भावंडांना, नातलगांना सगळं ठाऊक होतं. कृष्णवर्णीय समाजात एक अलिखित शिस्त होती : आपल्यातला कुणी वेशीपलीकडे गेला असेल तर रस्त्यात ओळख दाखवायची नाही. एक शब्द बाहेर गेला असता तर नोकरी, घर, संसार, सगळंच गेलं असतं. त्या शब्दाची चैन कुणी केली नाही.

बाकीच्यांना कळून घ्यायची इच्छा नव्हती. ब्राह्मणाचा मुलगा असा रत्नजडित फेटा का बांधेल, हा प्रश्न आपल्याकडे शाळकरी पोरही विचारील. अमेरिकेत तेव्हा पंडित हे आडनाव वर्तमानपत्रांत छापून येत होतं, कारण १९४९ ते १९५१ विजयालक्ष्मी पंडित भारताच्या तिथल्या राजदूत होत्या. (त्यांचं हे आडनाव मराठी, त्यांचे पती रणजित सीताराम पंडित यांच्या घराण्याचं.) खरी पंडित वॉशिंग्टनमध्ये साडी नेसून राजकारण बोलत होती, आणि फेटेवाला पंडित न बोलता ऑर्गन वाजवत होता. लॉस एंजेलिसच्या घराघरांत रोज दिसत होता तो दुसरा.

ही फसवणूकच नाही का?

प्रेक्षकाला जे सांगितलं ते खरं नव्हतं, हे मान्य. आणि आपल्याकडून आणखी एक आक्षेप येतो तोही खोटा नाही : त्याने भारताचं जे चित्र रंगवलं त्याच चित्रामुळे पुढे अमेरिकेत गेलेल्या खऱ्या भारतीयांना 'तुम्ही जादू करता का?' असले प्रश्न वर्षानुवर्षं ऐकावे लागले. आज एखाद्या गोऱ्या नटाने फेटा बांधून असं केलं तर मी त्याची बाजू घेणार नाही.

जॉन रेडची घेतो. गोऱ्या नटाला स्वतःच्या नावानेही काम मिळतं, फेटा ही त्याची हौस. जॉन रेडला स्वतःच्या नावाने ते काम मिळणारच नव्हतं. हेझल स्कॉट ही असामान्य पियानोवादक त्याच काळातली. अनेक शहरांत दिसणाऱ्या वाहिनीवर स्वतःच्या नावाचा कार्यक्रम मिळालेली ती पहिली कृष्णवर्णीय कलावती. तो जुलै १९५० मध्ये सुरू झाला. आधीच तिचं नाव कम्युनिस्ट सहानुभूतीदारांच्या यादीत छापलं गेलं होतं. तिने स्वतःहून संसदीय समितीपुढे जाऊन आरोप फेटाळले, आणि आठवड्याभरात कार्यक्रम बंद झाला. उघड्या चेहऱ्याने, खऱ्या नावाने, बोलून उभं राहिलं की असं होई. ती जितकी थोर, तितकाच मला हा न बोलणारा माणूस समजून घ्यावासा वाटतो.

आणि त्याने किंमत चुकवली नाही असं नाही. सोंग रात्री उतरवून खुंटीला टांगता येतं. त्याचं सोंग घरातही उतरत नव्हतं. मुलं भारतीय बापाची मुलं म्हणून वाढली. १९६७ मध्ये व्हिएतनाम युद्धात मुलांना सक्तीने भरती केलं जाऊ नये म्हणून तो कुटुंब घेऊन कॅनडातल्या व्हँकुव्हरला गेला, तिथेही कोर्ला पंडित म्हणूनच. उतारवयात जुन्या नाट्यगृहांतल्या ऑर्गनवर त्याच्या मैफली होत, नवी तरुण मंडळी त्याला शोधत येत, १९९४ मध्ये टिम बर्टनच्या एका चित्रपटात तो स्वतःच्याच, म्हणजे कोर्लाच्याच, भूमिकेत दिसला. २ ऑक्टोबर १९९८ रोजी कॅलिफोर्नियात तो गेला, तेव्हाही जगासाठी दिल्लीचाच होता.

२००१ मध्ये आर. जे. स्मिथ या पत्रकाराने 'लॉस एंजेलिस मॅगझिन'मध्ये लेख लिहून जॉन रेड हे नाव पहिल्यांदा लोकांपुढे ठेवलं.

आणि त्याचा भाऊ अर्नेस्ट? आयोवा राज्यातल्या डे मॉइनमध्ये तो वर्षानुवर्षं जाझ पियानो वाजवत राहिला. एकाच पाद्र्याच्या घरात दोघे पियानोपाशी बसले होते. अर्नेस्टला लोक लाडाने 'स्पेक' म्हणत, आडनाव मात्र त्याने शेवटपर्यंत तेच ठेवलं : रेड.